भट्टीवरचा पाहुणा

दुर्ग-भिलाई या जुळ्या शहरांत ‘भट्टी’ हा शब्द कानी पडला, की त्याचा अर्थ प्रसंग पाहूनच ठरवावा लागतो. पोलाद कारखान्यातला कामगार ‘भट्टीवर जातो’ म्हणाला तर तो पाळीला निघालेला असतो. कारण १९५९ साली येथे पहिली झोतभट्टी पेटली आणि या परिसराचे सारे जीवन तिच्याभोवती फिरू लागले. तोच कामगार संध्याकाळी मोहननगरसारख्या वस्तीतून बाहेर पडताना तेच वाक्य उच्चारील, तेव्हा तो दारूच्या दुकानाकडे निघालेला असतो. छत्तीसगढच्या बोलव्यवहारात सरकारी दारूदुकानालाही ‘भट्ठी’च म्हणतात, मग तेथे काही पेटत असो वा नसो. मराठी माणसाला याचे फारसे आश्चर्य वाटू नये. त्याच्याही भाषेत ‘हातभट्टी’ आहे, आणि एखादे काम उत्तम साधले तर ‘भट्टी जमली’ असे म्हणताना त्याला कोणत्याही भट्टीची आठवण होत नाही.

या शब्दाचा तिसरा अर्थ मात्र मध्य भारतातल्या वाचकाला सहसा ठाऊक नसतो. नेपाळात ‘भट्टी’ म्हणजे वाटेवरचे असे घर, की जेथे चूल पेटलेली असते, एक बाई त्या चुलीपाशी बसलेली असते आणि वाटसरूला प्यायला, खायला व बहुधा रात्री अंग टाकायला जागा मिळते. दुकान, खाणावळ आणि धर्मशाळा या तीन संस्था तेथे एका छपराखाली नांदतात. एकाच शब्दाच्या पोटात पोलादाची भट्टी, सरकारी गवाक्ष आणि डोंगरातली पथिकशाळा मावावी, ही गोष्ट भाषेच्या दृष्टीने लहान असेल. पण पारंपरिक पेये आणि त्यांच्या सोबतचे खाद्य यांचा शोध घेणाऱ्या प्रवाशाला तीच सर्वांत जास्त उपयोगी पडते. कारण पेय कोणते, याहून ते कोणाच्या हातून आणि कशाच्या सोबतीने मिळते, हा प्रश्न अधिक मोलाचा आहे.

भाषाभ्यासक ‘भट्टी’चा संबंध संस्कृत ‘भ्राष्ट्र’ या शब्दाशी जोडतात. भ्राष्ट्र म्हणजे धान्य भाजण्याचे पात्र. ही व्युत्पत्ती मान्य केली, तर भट्टीवर पहिला हक्क दारूचा नसून फुटाण्यांचा आहे, असे म्हणावे लागेल. गंमत बाजूला ठेवली तरी पेय आणि घास यांची जोडी किती जुनी आहे, याची साक्ष कोशातूनच मिळते. अमरकोशाने मद्याच्या नावांना लागूनच ‘अवदंश’ हा शब्द नोंदविला आहे. मद्यपानात तोंडी लावायचा, तहान चेतवणारा तिखट-खारट पदार्थ, असा त्याचा आशय. ‘उपदंश’ हा त्याचा पर्याय. तो पुढे मराठीत केवळ एका गुप्तरोगाचे नाव होऊन बसला, त्यामुळे सभ्य पंक्तीतून उठला. आजचा ‘चखणा’ हा त्या अवदंशाचा वारस होय. जेवणातले तोंडीलावणे अन्नाला रुची आणते; चखण्याचे काम पुढच्या घोटाची वाट मोकळी करणे हे असते.

बौद्ध परंपरेतील कुंभजातकात मद्याच्या उत्पत्तीची जी कथा येते, तिच्यातही ही जोडी आहे. काशीच्या राज्यातला सुर नावाचा वनचर हिमालयात हिंडत असता त्याला एक झाड दिसते. झाडाच्या बेचक्यातील पोकळीत पावसाचे पाणी साठलेले; त्यात हरडे, आवळे आणि मिरी गळून पडलेली; जवळच्या रानभाताच्या लोंब्या आणून पोपटांनी दाणे सांडलेले; आणि वरून उन्हाचा ताप. तहानलेले पक्षी ते पाणी पितात, खाली कोसळतात आणि काही वेळाने उठून उडून जातात. हे पाणी विषारी नव्हे, असे ताडून सुर ते पितो. आणि लगेच पडलेले पक्षी निखाऱ्यावर भाजून खाऊ लागतो. म्हणजे पहिल्या पेल्याबरोबर पहिला चखणाही निर्माण झाला! पुढे तो वरुण नावाच्या तापसाला या रसात सामील करून घेतो, आणि दोघांच्या नावांवरून ‘सुरा’ व ‘वारुणी’ ही नावे पडली, असे कथा सांगते. कथेचा उत्तरार्ध नगरांच्या नाशाचा आहे. वनात पाखरांना क्षणभर झोपवणारे पाणी नळकांड्यांत भरून नगरात नेले जाते, आणि मग नगरे उजाड होतात. मध्य भारतातील आदिवासींच्या कथांतही मोहाच्या ढोलीतले पाणी पिऊन झिंगलेली पाखरे आढळतात. या दोन कथांचे नाते नेमके कसे, हे ठरविण्याची घाई करण्याचे कारण नाही. हिमालयाचा पायथा आणि दंडकारण्य या दोन्ही ठिकाणी मद्याचा शोध माणसाने नव्हे, तर झाड, पाऊस आणि पाखरू यांनी लावला, एवढे दोन्ही कथांचे म्हणणे लक्षात ठेवण्यासारखे आहे.

आता प्रथम नेपाळातील भट्टीत जाऊ. काली गंडकीच्या खोऱ्यात, थाकखोला या भागात, तिबेटचे मीठ खाली आणि खालचे धान्य वर नेणारी वाट शतकानुशतके चालत होती. त्या वाटेवर थकाली समाजातील स्त्रियांनी चालविलेल्या भट्ट्या प्रसिद्ध होत्या. अलीकडच्या काळात मोटाररस्ता झाला, आणि पायी चालणाऱ्यांच्या जुन्या मुक्कामांची जागा मोठ्या प्रमाणावर हॉटेलांनी घेतली. तरी भट्टीची रीत पुष्कळ ठिकाणी टिकून आहे. चुलीपाशी बसलेल्या बाईला ‘साहुनी’ म्हणतात, आणि पाहुणा तिला ‘दिदी’ म्हणून हाक मारतो. ही हाक केवळ सौजन्याची नसते. बहीण म्हटले, की किती प्यावे आणि केव्हा थांबावे हे सांगण्याचा अधिकार तिच्याकडे जातो.

तिच्याकडची पेये मुख्यतः दोन जातींची असतात: आंबवलेली आणि गाळलेली. आंबवलेल्याला सामान्यतः ‘जाँड’ म्हणतात. तिबेटी वळणाच्या प्रदेशात त्याचे नाव ‘छ्याङ’. भात किंवा इतर धान्य शिजवायचे, निववायचे आणि त्यात ‘मर्चा’ नावाची विरजणाची वाळलेली वडी कुस्करून मिसळायची. दह्याला जसे विरजण, तसा जाँडेला मर्चा. ही वडी घरोघर वेगळ्या वनस्पती घालून केली जाते, म्हणून एका घरचे जाँड दुसऱ्या घरच्यासारखे लागत नाही. कौटिल्याने सुराध्यक्षाच्या प्रकरणात ‘किण्व’ म्हणून जे द्रव्य सांगितले आहे, त्याचेच काम हा मर्चा करतो. पूर्वेकडील लिंबू समाजाचा ‘तोङ्बा’ हाही आंबवलेल्या धान्याचाच प्रकार; मात्र त्याची पद्धत निराळी. लाकडी वा बांबूच्या उभ्या पात्रात आंबवलेले धान्य भरतात, वर कढत पाणी ओततात, थोडा वेळ मुरू देतात आणि बांबूच्या नळीने रस ओढतात. नळीचे खालचे टोक बंद असून बाजूला बारीक चिरा असतात, त्यामुळे दाणे वर येत नाहीत. पाणी संपले की पुन्हा ओतायचे. धान्यातले सत्त्व संपेपर्यंत तीन-चार वेळा हे चालते. थंडीच्या प्रदेशात हे पेय हात शेकण्याच्याही कामी येते.

तोङ्ब्याचे धान्य ‘कोदो’ होय, असे नेपाळी माणूस सांगेल, आणि येथे छत्तीसगढहून गेलेला प्रवासी हमखास फसेल. छत्तीसगढचा कोदो म्हणजे मराठीतला हरीक वा कोद्रा. नेपाळीतला कोदो म्हणजे आपली नाचणी. एकच नाव, दोन धान्ये. उलट ‘टपरी’ या शब्दाची कथा. मराठीत टपरी म्हणजे रस्त्याकडेचे चहा-पानाचे दुकान. नेपाळीत टपरी म्हणजे पानांची पत्रावळ, आणि पानांचा द्रोण तो ‘दुना’. ‘खाजा’ म्हणजे तेथे मधल्या वेळचे खाणे. मालवणच्या जत्रेतले खाजे त्याला ठाऊक नाही. असे फसवे मित्र प्रत्येक शेजारी भाषेत भेटतात. तोङ्बा आणि बस्तरचा तुंबा, म्हणजे पेय ठेवण्याचा वाळका भोपळा, यांची सोयरीक मात्र केवळ ध्वनिसाम्यावरून जोडू नये. दोन्ही पात्रे आहेत, दोन्हींतून प्यायचे ते उतरते. पण भाषांची कुळे भिन्न आहेत.

गाळलेली दारू ती ‘रक्सी’. नेवार लोक तिला ‘अयला’ म्हणतात. तिची भट्टी म्हणजे एकावर एक रचलेल्या भांड्यांची उतरंड असते. खाली आंबवलेल्या धान्याचे भांडे, वर सच्छिद्र बुडाचे मातीचे पात्र, त्याच्या आत रस झेलणारे लहान भांडे आणि सर्वांत वर थंड पाण्याने भरलेले पात्र. वाफ वर जाते, थंड बुडाला लागून तिचे थेंब होतात आणि आतल्या भांड्यात गळतात. वरचे पाणी तापले की बदलायचे. जितक्या वेळा पाणी बदलले तितकी रक्सी वाढते आणि तितकीच उतरत जाते. म्हणून ‘तीनपाने’, म्हणजे तीन पाण्यांची, हे तिच्या प्रतीचे माप ठरले. मोजमापाची ही रीत मोठी बोलकी आहे. बाटलीवरच्या टक्क्यांपेक्षा गाळणाऱ्या बाईच्या शब्दावर ती उभी आहे.

या पेयांसोबत जे खातात त्याला नेपाळीत ‘सितन’ म्हणतात. सितनाची पंक्ती पाहिली, की मराठी वाचकाला जागोजाग ओळखीचे चेहरे दिसतील. भाजलेल्या सोयाबीनला, म्हणजे ‘भटमास’ला, आले, लसूण, हिरवी मिरची आणि मोहरीचे तेल चोळलेले असते. वाळवलेले मांस ती ‘सुकुटी’. मराठीतील ‘सुकट’ आणि छत्तीसगढमधील वाळल्या मासळीची ‘सुक्सी’ ही तिचीच भावंडे, तिन्हींचे मूळ ‘शुष्क’. नेवारांचे ‘छोयला’ हे बहुधा म्हशीचे मांस जाळावर खरपूस करून मसाल्यात माखलेले असते, आणि त्याच्या बाजूला कोरडे पोहे. पोहे म्हणजे कांदा-बटाटा घातलेला न्याहारीचा पदार्थ, अशी ज्याची समजूत आहे त्याला ही कोरडी मूठ प्रथम रुक्ष वाटते. पण मांसाचे तेल ती टिपून घेते आणि पोटात आधार होते. उडदाचा वा मुगाचा ‘बारा’ हा तर छत्तीसगढचा ‘बरा’ आणि आपला ‘वडा’. थकाली भट्टीत कुट्टूच्या पिठाच्या तळलेल्या कांड्या मिळतात, आणि सोबतच्या चटणीत ‘टिमुर’ असतो. जिभेला मुंग्या आणणारी ही चव कोकणातल्या माणसाने माशाच्या आमटीत घेतलेली असते; टिमुर आणि तिरफळ एकाच कुळातली.

नेवारांत मद्य आणि खाद्य यांचा हा संबंध धर्मकृत्यापर्यंत पोचला आहे. ‘सगन’ या मंगलविधीत अंडे, मासा, मांस, वडा आणि अयला एकत्रच देतात. त्यांतले एक वगळून दुसरे घेता येत नाही. इंद्रजात्रेत काठमांडूच्या हनुमानढोक्याजवळील श्वेतभैरवाच्या मुखातून मद्याची धार सोडतात, आणि त्या धारेत सोडलेला लहानसा मासा ज्याच्या वाट्याला येईल तो भाग्यवान. घोट आणि घास येथे एकाच प्रवाहातून उतरतात.

या चित्राला एक काळी बाजू आहे, आणि केवळ चवी गोळा करणाऱ्या प्रवाशाच्या नजरेतून ती सुटते. १८५४ च्या मुलुकी ऐनाने, जंगबहादुर राणाच्या काळात, नेपाळच्या सर्व प्रजेची उतरंड कायद्याने रचली. वर जानवे घालणारे ‘तागाधारी’. त्यांच्याखाली ‘मतवाली’, म्हणजे मद्य पिणारे. या मतवाल्यांचेही दोन भाग: ज्यांना दास करता येत नाही ते आणि ज्यांना करता येते ते. मगर पहिल्या भागात, चेपाङ आणि थारू दुसऱ्या. माणूस काय पितो यावरून त्याला गुलाम करता येईल की नाही, हे ठरण्याच्या वाटेवर पहिले पाऊल पडत होते! १९६३ च्या नव्या ऐनाने ही जातवार दंडव्यवस्था मोडली. पण शब्द लवकर मरत नाहीत. पाहुण्याला प्रेमाने पुढे केलेल्या पेल्यामागे हा इतिहास उभा असतो.

आता मोहननगरकडे परतू. गावाच्या या नावाचा मोहाच्या झाडाशी काही संबंध नाही. पण ज्या प्रदेशात हे नगर वसले त्याचा आहे. नागपूरकर भोसल्यांच्या अमलापासून मध्यप्रांताच्या अखेरीपर्यंत हा मुलूख नागपूरच्या कारभाराशी बांधलेला होता. गोंदियाहून डोंगरगढ, राजनांदगाव करीत दुर्गला येणाऱ्या मराठी प्रवाशाला रुळांच्या दोन्ही अंगांना जे झाड दिसते, तेच गडचिरोलीत, मेळघाटात आणि नंदुरबारच्या डोंगरांत दिसते. वसंतात मोहाची पाने झडतात आणि रात्रीतून मांसल, फिकट पिवळी फुले उमलून पहाटे खाली पडतात. झाडाखालचा पालापाचोळा आधीच झाडून वा जाळून जमीन स्वच्छ केलेली असते. बायका आणि मुले टोपल्या घेऊन उजाडण्यापूर्वी हजर होतात. कारण उशीर झाला तर गाई-गुरे आणि अस्वले आपला वाटा घेऊन जातात. हालाच्या गाथासप्तशतीत, म्हणजे महाराष्ट्री प्राकृतातल्या आपल्या जुन्या ठेव्यात, गोदाकाठच्या मधूक वृक्षाला फुले हळूहळू गाळण्याची विनवणी करणारी एक स्त्री येते. फुले संपली की रानात येण्याचे निमित्तही संपते, हे तिचे दुःख. मोहाची फुले वेचणे हे काम आणि ती संधी, दोन्ही किती जुनी, हे यावरून कळते.

वाळलेल्या फुलाच्या वजनात सुमारे निम्मा भाग साखर असते, म्हणून मोह हे प्रथम अन्न आहे आणि नंतर मद्य. फुले भाजून तिळांबरोबर कुटतात आणि त्याचे लाडू वळतात. छत्तीसगढमध्ये त्याला ‘लाटा’ म्हणतात. फळातल्या बियांचे, म्हणजे ‘टोऱ्या’चे, तेल निघते. टंचाईच्या दिवसांत पुष्कळ घरांचा भार या एका झाडाने उचललेला आहे. दारूसाठी फुले पाण्यात भिजवून काही दिवस आंबू देतात आणि मग मडक्यांच्या उतरंडीतून गाळतात. विरजणाची वडी येथे सहसा लागत नाही, फुलाची गोडी आणि हवेतले जंतू पुरेसे असतात. नेपाळची रक्सीची भट्टी पाहिलेल्याला ही रचना लगेच ओळखू येईल. फरक एवढाच, की पुष्कळ ठिकाणी रस आतल्या भांड्यात न झेलता बांबूच्या नळीने बाहेर घेतात. बस्तरकडे गेले तर आणखी दोन पेये भेटतात. ‘लांदा’ ही तांदळाची आंबवलेली पेज. ती पिणारा तिला मद्यात गणील की जेवणात, हे सांगणे अवघड. ‘सल्फी’ हा भेर्ली माडाचा रस. झाडावरून उतरवल्यावर लगेच गोड, आणि दिवस चढेल तसा आंबट व चढणारा.

पहिला घोट पिण्यापूर्वी द्रोणातले चार थेंब भुईवर टाकायचे, हा नियम. ते पितरांचे आणि धरणीचे. जन्म, लग्न, मरण आणि देवपूजा, यांतले काहीही मोहाच्या दारूवाचून पुरे होत नाही. सोबतचे खाणे मात्र साधे असते: भाजलेले हरभरे, सुक्सी, एखादी चटणी, बस्तरात तांबड्या मुंग्यांची आंबट-तिखट ‘चापडा’. येथे चखण्याचा फार बडिवार नाही. जेथे पेयच अन्नाच्या जवळ आहे, तेथे त्याला वेगळ्या अवदंशाची गरज कमी पडते.

पाहुणा आणि भट्टीची मालकीण यांच्या नात्याची छत्तीसगढने सांगितलेली कथा मोठी भीषण आहे. दुर्ग जिल्ह्यातून २०१२ साली वेगळ्या झालेल्या बालोद जिल्ह्यात सोरर हे गाव आहे. तेथील बहादुर कलारिन ही दारू विकणारी रूपवती. तिच्या नावाने ओळखली जाणारी दगडी ‘माची’ जवळच आजही उभी आहे. एक राजा पाहुणा म्हणून येतो, तिच्या प्रेमात पडतो आणि परत येत नाही. तिचा मुलगा छछान छाडू वाढतो. ‘छह आगर छह कोरी’, म्हणजे एकशे सव्वीस बायका करतो आणि तरी अतृप्त राहतो. शेवटी त्याची वासना आईपर्यंत येते. तेव्हा ती त्याला अतिशय तिखट जेवण वाढते, घरातले पाणी काढून टाकते आणि गावाला बजावते की याला कोणी थेंबभर पाणी देऊ नये. तहानेने वेडावलेला मुलगा विहिरीशी येतो, आणि ती त्याला आत लोटते. मग स्वतःच्या जीवनाचाही ती अंत करते. हबीब तन्वीर यांनी १९७८ साली या कथेवर ‘बहादुर कलारिन’ हे नाटक आपल्या नया थिएटरच्या छत्तीसगढी कलावंतांकडून उभे केले, आणि फिदाबाईंनी कलारिन साकारली. समीक्षकांना त्यात ग्रीक शोकांतिकेची आठवण झाली. ती योग्यच आहे. पण कथेतले शस्त्र ग्रीक नाही. तहान चेतवणारा घास हीच अवदंशाची व्याख्या; जन्मभर लोकांची तहान भागवून जगलेली स्त्री त्याच घासाने वध करते. आतिथ्याच्या दोन्ही अंगांपैकी एक ठेवायचे आणि दुसरे काढून घ्यायचे, एवढेच तिला करावे लागते.

घरातील भट्टी आणि राज्याची भट्टी यांच्यातला तंटाही जुनाच. कौटिल्याने मद्यव्यवहार राज्याच्या हाती घेतला, तरी गृहस्थांना कार्यप्रसंगी श्वेतसुरा करण्याची मुभा ठेवली आणि उत्सव-यात्रांसाठी चार दिवसांची सूट दिली. पानगृहे अनेक दालनांची असावीत, त्यांत वेगवेगळ्या शय्या व आसने, गंध, माळा आणि पाणी असावे, असेही तो सांगतो. हेरगिरीची सोय हा त्याचा एक हेतू होता हे खरे. तरी त्याचे पानगृह आजच्या दुकानापेक्षा नेपाळी भट्टीच्या अधिक जवळचे आहे. इंग्रजी अमलाने घरगुती मुभेवरच घाव घातला. मुंबई इलाख्यात १८९२ साली ठाणे व कुलाबा जिल्ह्यांसाठी मोहाच्या फुलांचाच कायदा झाला. दारू नव्हे, फूल घरात ठेवणे हाच अपराध होऊ शकत होता. स्वातंत्र्यानंतर मध्य भारतातील राज्यांनी अनुसूचित जमातींना घरच्या वापरापुरती दारू गाळण्याची मर्यादित सवलत दिली. महाराष्ट्राने मोहफुलांच्या संकलनावरील व वाहतुकीवरील निर्बंध उठवण्यास २०२१ हे वर्ष उजाडावे लागले.

परंतु घरची दारू ती निर्मळ आणि दुकानची तेवढी दुष्ट, अशी सोपी वाटणी करून प्रवाशाने समाधान मानू नये. भिलाईला लोहखनिज पुरविणाऱ्या दल्ली-राजहरा खाणींत १९७७ नंतर शंकर गुहा नियोगी यांच्या नेतृत्वाखाली कंत्राटी मजुरांची संघटना उभी राहिली. लढ्याने मजुरी वाढली, आणि वाढलेली मजुरी दारूकडे वाहू लागली. तेव्हा संघटनेने दारूविरुद्ध मोहीम उघडली, आणि तिच्यात आघाडीवर होत्या त्या स्त्रिया. हे मजूर पुष्कळसे आदिवासीच होते. मोहाची दारू त्यांच्या देवघरातली होती. तरी पगाराच्या दिवशी दुकानातून विकत घेतलेली बाटली आणि पितरांना चार थेंब वाहून घेतलेला द्रोण यांतला भेद त्या बायकांनी कोणत्याही अभ्यासकाआधी ओळखला. नियोगींची हत्या भिलाईतच, २८ सप्टेंबर १९९१ रोजी झाली. गडचिरोलीत लोकांच्या मागणीवरून १९९३ पासून जिल्हाभर दारूबंदी आली, तिच्यामागेही असाच अनुभव होता. १९९६ च्या पेसा कायद्याने अनुसूचित क्षेत्रांतील ग्रामसभेला मादक पदार्थांची विक्री व सेवन यांवर बंदी वा नियंत्रण घालण्याचा अधिकार देऊ केला. तो चुलीपाशी बसलेल्या बाईच्या ‘आता पुरे’चेच कायद्यातले रूप म्हणता येईल. आणि ज्याच्या हातची दारू घ्यावी त्याचे तोंडही ठाऊक नसते, तेथे काय घडते, हे मुंबईतील मालवणीने जून २०१५ मध्ये पाहिले: मिथेनॉल मिसळलेल्या दारूने शंभरावर माणसे गेली. अनोळखी हातची गाळीव दारू प्रवाशाने घेऊ नये, हे सांगायला इतका मोठा पुरावा पुरेसा आहे.

मोहननगरमध्ये येऊन ‘इथले पारंपरिक पेय कोठे मिळेल?’ असे विचारणाऱ्याला सरळ उत्तर मिळत नाही. मोहाची दारू विकणे हा अपराध. ती एखाद्या गावी, एखाद्या घरी, बोलावणे असेल तरच भेटते. शहरात आहे ती भट्ठी. छत्तीसगढमध्ये २०१७ पासून किरकोळ दारूविक्री राज्याच्या महामंडळाकडे आहे. गवाक्षातून पैसे आत जातात आणि बाटली बाहेर येते. बसायला जागा नाही, दिदी नाही, भुईवर थेंब टाकायला भुईही नाही. जुन्या रीतीतले काही टिकून असेल तर ते दुकानापासून चार पावलांवर, हातगाडीवर. फुटाणे, शेंगदाणे, भिजवलेले मूग, उकडलेली अंडी, कधी तळलेली मासळी. कांदा, लिंबू, हिरवी मिरची. ज्या शब्दाचा जन्म भाजण्याच्या पात्रातून झाला त्या शब्दाला येथे निदान भाजलेले काही भेटते. गाडीवाला नेहमीच्या गिऱ्हाइकाला ‘भैया’ म्हणतो आणि कागदाच्या पुड्यात चणे भरताना मिरची कमी घालू की जास्त, एवढे विचारतो. पाण्याची पिशवी मात्र तो न विचारताच पुढे करतो.